लय घ्या

साल दोन हजार तेवीस, फेब्रुवारीची एकवीस तारीख, मंगळवार. महाशिवरात्र होऊन तीन दिवस झाले होते. तारीख आधीच लिहून ठेवते, कारण आमच्या गावात आता ही गोष्ट तीन तऱ्हांनी सांगतात आणि तिन्ही खोट्या आहेत. कोणी म्हणतं, गंगाखेडची एसटी लेट झाली. कोणी म्हणतं, कचेरीतलं घड्याळ पुढं होतं. आणि माझा मुलगा शिवकुमार म्हणतो, आईला म्हातारपणी कमी ऐकू येतं, तिच्या कानांनी घात केला.

एसटी वेळेवर होती. घड्याळाला काही झालं नव्हतं. आणि शेजारच्या घरात कोणी ताटलीवर वाटी ठेवली, तरी मला ऐकू येतं.

आमचं गाव पालमपासून नऊ किलोमीटरवर. वेशीजवळ महादेवाचं देऊळ, आणि त्या देवळात दर सोमवारी दुपारी आमचं शिवभजनी मंडळ बसतं. त्या साली आम्ही पाच जणी. टाळ माझा. एकतारी धुरपताबाईची, ढोलकी सविताची. पार्वतीबाई साथीला. आणि मुख्य आवाज माझ्या सुनेचा, राजेश्रीचा. तो आवाज नसेल तर आम्ही चौघी म्हणजे नुसत्या भांडी घासणाऱ्या बायका.

मंडळ काढलं माझ्या चुलत सासूनं, गंगम्मा अक्कानं. बहात्तरच्या दुष्काळात. मी एकवीस वर्षांची होते, मोठी मुलगी मांडीवर होती. सकाळी उठून घरचं करायचं, मग रस्त्याच्या कामावर खडी फोडायला जायचं, संध्याकाळी येऊन पुन्हा घरचं करायचं. दुपारी भाकरीला अर्ध्या तासाची सुट्टी. त्या अर्ध्या तासात पोरांना पाजायचं, पाणी आणायचं, हाताला आलेले फोड बांधायचे. एका दुपारी अक्का बाभळीखाली बसली आणि एक गाणं म्हणायला लागली.

हळू चाल रे नंदी, दिस अजून थोर,
माझ्या महादेवा, नको लावू घोर.

ती इतक्या संथ चालीत म्हणत होती की एक ओळ संपेपर्यंत मी अर्धी भाकरी खाल्ली. आम्हीही तिच्यामागं म्हणू लागलो. आळीपाळीनं म्हणायचं, आळीपाळीनं पडायचं. मी झोपले. मला स्वप्नसुद्धा पडलं, माहेरच्या विहिरीचं. उठून पोरीला पाजलं, केस विंचरले, तरी ऊन जिथं होतं तिथंच. मुकादम हाकेच्या अंतरावर पाण्याच्या टँकरजवळ बसायचा, आमचा आवाज तिथवर जायचा. त्यानं शिट्टी वाजवली तेव्हा त्याच्या घड्याळात बरोबर अर्धा तास झाला होता. आमच्या अंगात मात्र दीड तासाचा आराम होता.

त्या संध्याकाळी तव्यावर मिलोची, रेशनच्या लाल ज्वारीची, भाकरी टाकली आणि पीठ घ्यायला वळले, तेवढ्यात भाकरीचा कोळसा. पाच घरांत पाच तवे करपले. पाच जणींनी बोलणी खाल्ली. दुसऱ्या दिवशी आम्ही अक्काला विचारलं, हे काय झालं?

अक्का हसली. "येळ काय आभाळातून पडत न्हाई, बायांनो. दुपारी वापरला तो संध्याकाळी गेला. पण दुपारचा तास आपला व्हता आणि चुलीपुढचा त्यांचा. कोणता गेलेला चालंल?"

तेव्हापासून तो तास आमचा. दुष्काळ सरला, कामं बंद झाली, मंडळ देवळात आलं. नियम साधे होते. आवाज जातो तिथपर्यंतच वेळ लांबतो, म्हणून दार लोटून घ्यायचं, हळू म्हणायचं, भोंगा कधी लावायचा नाही. आणि जी गाते नंतर तिच्या वाट्यातून तेवढा वेळ जातो, हे ठाऊक ठेवायचं. आमच्या घरांत सोमवारी दूध उतू जायचंच. "ह्या बायांचं ध्यान कुठं असतं?" असं गावातली दोन पिढ्यांची माणसं म्हणत आली. ध्यान आमचं जाग्यावर होतं. त्या तासात सविता सही करायला शिकली. पार्वतीबाई गोधडी शिवायची. धुरपताबाई काहीच करायची नाही, नुसती खांबाला टेकून बसायची आणि म्हणायची, "मला कुणी हाक मारंना, ह्याच्याहून मोठं सुख न्हाई."

अक्का नव्याण्णव साली गेली. जाताना माझा हात धरून म्हणाली, "वैजंते, बाकी काय बी म्हणा, पण नंदीला लय घेऊ नका."

आमच्याकडे लय म्हणजे फार. आम्हाला वाटलं, ती सांगतेय की नंदीचं गाणं फार वापरू नका, सोमवारी एकदा पुरे. चोवीस वर्षं आम्ही त्या शब्दाचा तोच अर्थ धरून चाललो. आम्ही गाणाऱ्या बायका, आणि आम्हालाच दुसरा अर्थ सुचला नाही. बाकीच्या भजनांत शेवटाकडे येताना अक्का आम्हाला ओरडून सांगायची, "लय घ्या!" आणि मी टाळ जलद करायचे. ते रोजचं होतं. तरी सुचलं नाही.

आता राजेश्रीचं सांगते, कारण हे सगळं तिच्यापायी.

राजेश्री आमच्या घरी आली तेव्हा अकरावीत होती. लग्नाच्या बैठकीत शिवकुमार म्हणाला होता, "शिकू देऊ की." मी तिथंच बसले होते, मी ऐकलं. सोळा वर्षं तो शब्द तसाच पडून होता. गावच्या अंगणवाडीत ती मदतनीस म्हणून लागली. खिचडी शिजवायची, पोरांची नाकं पुसायची. सेविका व्हायचं तर बारावी पाहिजे. तिनं कुणाला न विचारता सतरा नंबरचा, बाहेरून परीक्षेला बसायचा, फॉर्म भरला. अभ्यास कधी करायचा? सोमवारच्या तासात. नंदीचं ध्रुपद म्हणून झालं की आम्ही चौघी चाल धरून ठेवायचो आणि ती गाभाऱ्याच्या उंबऱ्यावर पुस्तक उघडायची. अध्येमध्ये फक्त एक ओळ म्हणायची, गाणं तुटू नये म्हणून.

तिला सगळं यायचं. इंग्रजीसुद्धा यायचं, पण हळू. एकेक अक्षर बोटानं धरून वाचायची. घरी तीन तास लावून जुना पेपर सोडवला की शेवटचे दोन प्रश्न राहायचेच. "आत्याबाई, येतं मला," ती म्हणायची. "पण माझं यायच्या आत येळ संपतो." इंग्रजीत गेली तर सगळंच गेलं. आणि सेविकेची जागा त्याच वर्षी सुटणार होती. पुन्हा सुटली असती ती दहा वर्षांनी.

शिवकुमारला आमचा तास कळला तो एकवीस साली. त्याचं पालमला खताचं दुकान आहे. कुणाला तरी चुकवण्यासाठी तो सोमवारी दुपारी देवळात शिरला आणि नंदीच्या मागं झोपला. मनसोक्त झोपून उठला आणि मोबाइल बघितला, तर आठ मिनिटं झालेली. तो हुशार आहे. माझाच आहे. पुढच्या सोमवारी पुन्हा येऊन झोपला, पुन्हा मोबाइल बघितला. मग संध्याकाळी घरात येऊन माझ्या पायाशी बसला. असा तो फक्त काही पाहिजे असलं की बसतो.

"माय, इतकी मोठी चीज हाय तुमच्याकडं आणि तुमी त्यात झोपता?"

"मग काय करावं?"

"लोकाच्या कामी येऊ द्या की."

लोकांचं काम म्हणजे लग्नं. आमच्या भागात नवरदेवाची वरात पारावर नाचत बसते आणि मुहूर्त टळतो, हे काही नवं नाही. शिवकुमारनं मांडवात आम्हाला बसवायला सुरुवात केली. वरात नाचतेय, भटजी घड्याळ बघतोय, आणि आम्ही पाच जणी मांडवाच्या कोपऱ्यात नंदीला हळू चालवतोय. वरात आली की अक्षता. मुहूर्त साधला! मग लोक शिवकुमारला मिठ्या मारायचे. "शिवकुमारशेठचं नियोजन लय भारी!" आम्हाला दुसऱ्या पंगतीत बसवायचे. एकदा तर ताटंच संपली होती.

मी पहिल्यांदा हो म्हणाले, हे मान्य करते. मुलगा पायाशी बसला की आई विरघळते, आणि त्याची शिक्षा आम्हा पाचही जणींना झाली. एका हंगामात अठरा लग्नं. प्रत्येक वेळी तास, दीड तास. कुणाच्या लेकाला दारू चढून नाचायचं होतं, तो वेळ आमच्या दिवसांतून गेला. आणि आता तो चुलीपुढचाच जायचा असंही नव्हतं. कुठला जाईल ते आपल्या हातात नसतं.

पार्वतीबाईची लेक भक्ती पुण्याला असते. तीन वर्षांनी एका दुपारपुरती आली होती. आदल्या दिवशी आम्ही दोन लग्नं गायली होती. पार्वतीबाईनं चहा ठेवला, लेकीला जवळ घेतलं, आणि भक्ती उठून म्हणाली, "निघते आई, गाडीची वेळ झाली." पूर्ण दुपार गेली होती. भक्तीला वाटलं, आई गप्प बसून राहिली, काही बोललीच नाही, रुसली असेल. पार्वतीबाईला वाटलं, लेक एक कप चहा घेऊन गेली. मी शिवकुमारला हे सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "फोनवर बोलत जा म्हणावं. तुमा बायांना काय, येळच येळ."

हे वाक्य मी जन्मभर ऐकलंय. सासऱ्याच्या तोंडून, मुकादमाच्या तोंडून, नवऱ्याच्या तोंडून. माझ्या पोटच्या पोराच्या तोंडून ऐकलं त्या दिवशी मात्र मी हातातलं ताट खाली आपटलं. त्याला वाटलं, म्हातारीच्या हातून निसटलं.

तर एकवीस तारीख. सकाळी अकराला राजेश्रीचा इंग्रजीचा पेपर, पालमच्या कॉलेजात. साडेदहाला आत जायचं. त्याच दिवशी अकराला गावच्या सोसायटीच्या निवडणुकीची छाननी, पालमच्याच कचेरीत. शिवकुमार संचालकपदाला उभा होता. विरुद्ध पार्टीनं आक्षेप घेतला होता की त्याच्या फॉर्मवरची सूचकाची सही खोटी आहे. सूचक होता गावातलाच परमेश्वर. सही त्याचीच होती, पण अधिकारी म्हणाले, छाननीच्या वेळी माणूस समोर उभा करा. आणि परमेश्वर कापूस घेऊन गेला होता मानवतला. गंगाखेडला गाडी बदलून सकाळच्या एसटीनं येणार होता. एसटी पालमला पोचायची अकराला दहा मिनिटं कमी असताना. मध्ये कुठं पाच-दहा मिनिटं थांबली की संपलं.

शिवकुमारनं जीप काढली. "चला, राजेश्रीला सोडायचंच हाय सेंटरवर. मंडळानं बी यावं, वहिनीला, आपलं, राजेश्रीला धीर येईल." सविता म्हणाली, "दादा, बायकोला वहिनी म्हणायलात, धीर तुमालाच पाहिजे." सगळ्या हसल्या. मीही हसले. टाळ कशाला घेतले असं मी विचारलं, तर म्हणाला, पेपर सुटल्यावर देवीच्या देवळात दोन भजनं म्हणू. मी तेव्हाच ओळखायला पाहिजे होतं.

दहाला पाच कमी असताना जीप थांबली ती कॉलेजसमोर नाही, कचेरीच्या आवारात. लिंबाखाली सतरंजी अंथरलेली होती. सतरंजी! म्हणजे सगळं आदल्या दिवशीच ठरलेलं.

"एकच गाणं," शिवकुमार म्हणाला. "इथले अकरा चाळीस मिनटं लांबवा फकस्त. परमेश्वर पोचला की झालं."

राजेश्री जीपमधून उतरलीच नाही. "मी गाणार न्हाई. माझा पेपर हाय."

"पेपर अकराला हाय. गाणं पावणेअकराच्या आत संपतंय. धावत जाशील तरी पोचशील."

"आणि मग माझे चाळीस मिनटं कशातून जातील? पेपरातून जातील. मला तीन तास पुरत न्हाईत, तुमाला ठावं हाय."

"सव्वादोन तासात काय मरतीस का? न्हाई झालं तर जुलैत देशील. निवडणूक जुलैत येती का?"

"जागा जुलैपर्यंत राहती का?"

त्यानं तिच्याशी आणखी वाद घातला नाही. जीपच्या खिडकीतून हात घातला आणि तिच्या मांडीवरच्या पिशवीतून हॉल तिकीट काढून घेतलं. घडी घालून शर्टाच्या खिशात ठेवलं. खिशावर हात मारला.

"गाणं झालं की देतो."

मी तेव्हा बहात्तर वर्षांची होते. मी दुष्काळ पाहिला, दोन लेकरं पुरली, नवरा पुरला. पण त्या क्षणी मला आली तशी शरम कधी आली नव्हती. मी म्हणाले, "शिव्या, दे तिचं तिला." लहानपणी गूळ चोरला की मी त्याला शिव्या म्हणायचे.

"माय, तू मधी पडू नको. तुमची सतरंजी टाकलीय, बसा."

आवारात माणसं होती. खिडकीपुढं रांग होती. सगळे बघत होते आणि जागा सोडून कुणी पुढं येत नव्हतं. नवरा-बायकोतली गोष्ट. राजेश्री रडली नाही. ती उतरली, पदर खोचला, सतरंजीवर येऊन बसली आणि मला म्हणाली, "आत्याबाई, म्हणू. दुसरं काय करणार?" तिच्या तळहातावर पेनानं इंग्रजीतलं काहीतरी लिहिलेलं होतं, उजळणीसाठी, आणि ती ते थुंकी लावून पुसत होती. कॉपी केली म्हणून कुणी धरू नये म्हणून. पेपर हातचा जात होता आणि पोरगी हात स्वच्छ करत होती.

मी टाळ हातात घेतले. धुरपताबाईनं तार छेडली. राजेश्रीनं डोळे मिटले आणि नंदीला हाक घातली. हळू चाल रे नंदी...

शिवकुमार कचेरीच्या पायरीवर उभा होता, एक डोळा घड्याळावर, एक रस्त्यावर. तेवढ्यात त्याला परमेश्वरचा फोन आला असावा. तो तिथूनच आमच्याकडे बघून ओरडला, "गाडी अजून लांब हाय! चाळीस मिनटानं भागायचं न्हाई. माय, लय घ्या! लय घ्या, लय!"

लय घ्या.

टाळ वाजवतच मी मान वळवून पाहिलं. कारण तो आवाज शिवकुमारचा राहिला नाही, तो अक्काचा झाला. लय घ्या. नंदीला लय घेऊ नका. अक्का फार म्हणाली नव्हती. अक्का लयच म्हणाली होती. नंदीला संथ चालवलं की ऐकणाऱ्याचा वेळ लांबतो आणि गाणारीचा जातो. मग नंदीला पळवलं की काय होईल? तेच ती सांगून गेली होती आणि आम्ही चोवीस वर्षं त्याला फार समजत होतो.

मला विचार करायला वेळ नव्हता असं मी म्हणणार नाही. नंदीच्या चालीत विचार करायला भरपूर वेळ असतो. मी पूर्ण विचार केला. खिडकीपुढची रांग पाहिली. शिवकुमारचा खिसा पाहिला. आणि टाळ जलद केले.

सवितानं चमकून माझ्याकडं पाहिलं. मी म्हणाले, "ऐकलं न्हाईस का? यजमान म्हणायलेत लय घ्या!" सविता बेरकी आहे. तिची ढोलकी उधळली. हळू चाल, हळू चाल असं म्हणत आमचा नंदी चौखूर सुटला. राजेश्रीचे डोळे उघडले. तिनं आवाज असा वर नेला की लिंबावरची पाखरं उडाली. आमचं ते गाणं दोन-अडीच मिनिटांचं झालं असेल. मी पाहत होते. लिंबाची सावली सतरंजीवरून अशी सरकली, जशी कुणी ओढून घेतली.

शेवटचा टाळ पडला आणि आतून शिपाई ओरडला, "अकरा वाजले! छाननी सुरू! शिवकुमार वीरुपाक्ष, सूचक हजर आहे का?"

शिवकुमारनं भिंतीवरचं घड्याळ पाहिलं. मोबाइल पाहिला. दोन्हींत अकरा. तो मोबाइल झटकून पुन्हा बघू लागला. मी त्याच्याजवळ गेले, त्याच्या खिशात हात घातला आणि हॉल तिकीट काढून घेतलं.

"माय, हे काय केलंस?"

"तूच म्हणालास, लय घ्या. आमी घेतली."

"मी म्हणलो लय! लय म्हंजे लय!"

"मंडळात लय म्हंजे लयच असती, बाळा. दोन वर्षं आमाला फिरवलंस, एवढं बी शिकला न्हाईस का?"

राजेश्री पळाली. आवाराच्या फाटकाबाहेर पाय ठेवला आणि समोरच्या हॉटेलातल्या घड्याळात सव्वादहाही वाजले नव्हते. कॉलेजात ती वेळेच्या आधी पोचली. पुढचं तिनं मला सांगितलं ते असं. पेपर हातात आला. बोटानं एकेक अक्षर धरून तिनं वाचला. लिहायला लागली. एक प्रश्न, दुसरा प्रश्न. मान वर करून पाहिलं तर शेजारची मुलगी अजून पहिल्याच पानावर. पंखा असा फिरत होता की त्याची तिन्ही पाती मोजता येत होती. सगळ्यांना तीन तास होते, तिला पावणेचार मिळाले. शेवटचा प्रश्न लिहून, पहिल्यापासून पुन्हा वाचून, चार स्पेलिंगं दुरुस्त करून ती बसून राहिली.

आम्हा चौघींनाही पाऊण-पाऊण तास आला होता. नेहमी आमच्या पदरातून जायचा, आज उलटा आला. धुरपताबाई बसस्टँडवर गेली आणि दोन प्लेट भजी निवांत खाल्ली, एकटीनं, कुणाला वाढल्याशिवाय. सविता लिंबाखाली आडवी झाली. पार्वतीबाईनं भक्तीला फोन लावला. मला दुरून तिचा नुसता चेहरा दिसत होता. ती बोलत होती, थांबत होती, हसत होती, पुन्हा बोलत होती. मी तिथंच बसून बघत राहिले. माझा पाऊण तास मी त्यातच घालवला.

परमेश्वर आला तो एसटीतून उतरून पळतच. एसटी टायमावर होती, अकराला दहा मिनिटं कमी. हॉटेलातल्या घड्याळातही तेच. कचेरीत मात्र त्याला सांगितलं, छाननी होऊन गेली, फॉर्म बाद. "अजून अकरा वाजले न्हाईत!" तो ओरडत होता. "इथं वाजून गेले," शिपाई म्हणत होता. दोघंही खरं बोलत होते. सावल्या कलेपर्यंत कचेरीची घड्याळं बाहेरच्यांशी जुळून गेली आणि भांडायला कुणाकडे काही उरलं नाही.

एक गोष्ट लपवणार नाही. त्या रांगेत आमच्याच गावचा आश्रुबा होता. नातवाच्या दाखल्यासाठी सकाळपासून उभा. खिडकी अकराला बंद होणार होती, त्याचा नंबर चौथा होता. त्याचाही पाऊण तास आम्ही ओढून नेला. अक्का का नको म्हणाली होती ते मला त्याच्या तोंडाकडं पाहून कळलं. संथ गाताना जातो तो गाणारीचा स्वतःचा वेळ. जलद गाताना जातो तो दुसऱ्याचा, आणि तो कुणाचा ते निवडता येत नाही. लोकांनी आमच्याशी जे केलं तेच आम्ही आश्रुबाशी केलं. दुसऱ्या दिवशी पहाटे मी त्याच्याबरोबर पालमला गेले आणि त्याच्या जागी रांगेत उभी राहिले, दाखला मिळेपर्यंत. तो म्हणत होता, "काकू, तुमी कामून?" मी रांगेत पुढं सरकले. शिवकुमारच्या फॉर्मचं मात्र मला तेव्हा वाईट वाटलं नाही, आजही वाटत नाही.

पुढं काय झालं ते लिहून थांबते.

राजेश्री बारावी पास झाली. इंग्रजीत पंचावन्न. सेविकेची जागा तिला मिळाली. तिच्या अंगणवाडीत भिंतीवर घड्याळ आहे, पण पोरांचं जेवण होईपर्यंत ती त्याकडे बघत नाही.

शिवकुमार माझ्याशी पाच महिने बोलला नाही. मग एका दिवशी पायाशी येऊन बसला. मी पाय आखडून घेतले. म्हणाले, "आधी तिच्यापुढं बस." बसायला त्याला आणखी दोन महिने लागले, पण बसला. काय बोलला ते मला ठाऊक नाही. त्या वेळी मी बाहेर गेले होते. लग्नाची आमंत्रणं घेऊन आता तो आमच्याकडे येत नाही.

परमेश्वर अजून सगळ्यांना ते एसटीचं तिकीट दाखवतो. त्यावर छापलेली वेळ पुसट झाली आहे.

आश्रुबाचा नातू नांदेडला आयटीआयला आहे.

सविता सहीच्या पुढं गेली, आता पेपरातले मथळे वाचते आणि आम्हाला ऐकवते. धुरपताबाई गेल्या वर्षी गेली. खांबाला टेकूनच गेली, सोमवारी, गाणं चालू असताना. तेव्हा बाहेर किती मिनिटं झाली होती ते आम्ही कुणी पाहिलं नाही. आम्ही बराच वेळ चाल धरून ठेवली.

भक्ती आता दिवाळीला चार दिवस येते. ती येणार असली की त्या आठवड्यात पार्वतीबाई गात नाही.

आणि मी. माझे टाळ मी राजेश्रीच्या स्वाधीन केले आहेत. देताना तिला दोन्ही अर्थ सांगितले.